गेम माझा, फोन माझा, मग ठरवणारे तुम्ही कोण?

नमनाला घडाभर तेल घालत नाही, सरळ मुद्द्यावर येतो. तुमच्या फोनमध्ये गेम उघडला रे उघडला की आपोआप काहीतरी 'ऑप्टिमाइझ' करणारं जे सेटिंग असेल, ते आज शोधा आणि बंद करा. कुठे त्याचं नाव गेम बूस्टर असतं, कुठे गेम टर्बो, कुठे नुसतंच गेम मोड. नावं अशी झकास की वाटावं, आता फोनला पंख फुटणार! प्रत्यक्षात 'बूस्टर'च्या पाटीमागे पुष्कळदा ब्रेक बसवलेला असतो. आता ब्रेक असण्याबद्दल माझी तक्रार नाही. तो माझ्या नकळत लावला जातो, आणि परीक्षा घ्यायला कोणी आलं की तेवढ्यापुरता सोडला जातो, यावर माझा राग आहे.

आधी ब्रेकची बाजू मांडतो. नंतर कोणी म्हणायला नको की एकतर्फी लिहिलं.

फोनला पंखा नसतो (दोनचार खास गेमिंग फोन सोडा). आतला प्रोसेसर तापला की उष्णता जाणार कुठे? फोनची पाठ, पुढची काच आणि तिथून तुमचा तळहात. बरं, प्रोसेसरचा वेग वाढवायचा तर व्होल्टेजही वाढवावं लागतं, आणि वीज खर्च होते व्होल्टेजच्या वर्गाच्या पटीत. म्हणजे वेग थोडासा वाढवला की उष्णता बरीच वाढते. पुण्यात एप्रिलच्या दुपारी, बिनएसीच्या खोलीत, चार्जिंगला लावलेल्या फोनवर कोणी बीजीएमआय खेळत बसलं तर त्या फोनवर पापड भाजायचेच काय ते बाकी राहतात. लिथियम बॅटरीला ही उष्णता सोसत नाही, तिचं आयुष्य घटतं. म्हणून प्रत्येक फोनमध्ये तापमान मोजणारे सेन्सर असतात आणि मर्यादा ओलांडली की प्रोसेसरचा वेग कमी केला जातो. याला थर्मल थ्रॉटलिंग म्हणतात. ते असायलाच हवं. ते बंद करा असं मी म्हणत नाही, आणि सेटिंगमध्ये जाऊन ते बंद होतही नाही.

पण या थ्रॉटलिंगचा एक गुण बघा. ते तापमान बघतं, अ‍ॅपचं नाव विचारत नाही. गेम असो, बँकेचं अ‍ॅप असो की कोणा कॉलेजकुमाराने लिहिलेलं कधीच न संपणारं लूप असो... तापलास? मग हळू हो. किती साधा न्याय!

आता दुसऱ्या प्रकारचा न्याय बघू.

फेब्रुवारी २०२२ मध्ये सॅमसंगचे गॅलेक्सी एस२२ मालिकेतले फोन आले. भारतात सगळ्यात स्वस्त एस२२ची किंमत ७२,९९९ रुपये. या फोनमध्ये 'गेम ऑप्टिमायझिंग सर्व्हिस' नावाचा एक प्रकार होता (तो जुन्या गॅलेक्सी फोनमध्येही होता). खटपटे लोक पूर्वी काही ना काही युक्ती करून तो बंद करायचे. वन यूआय ४ या आवृत्तीत त्या युक्त्याही बंद झाल्या. मग दक्षिण कोरियातल्या लोकांनी खोदकाम सुरू केलं आणि सुमारे १०,००० अ‍ॅपची एक यादी बाहेर आली. या यादीतल्या अ‍ॅपवर ही सर्व्हिस नजर ठेवून असते, असा आरोप होता. यादीत गेम तर होतेच, पण इन्स्टाग्राम, नेटफ्लिक्स यांचीही नावं होती. गेम नसलेल्या अ‍ॅपचा वेग आम्ही कमी करत नाही, असं सॅमसंगने सांगितलं. ठीक आहे, त्यांचा शब्द मानू.

पण गंमत यादीत कोण होतं यात नाही, कोण नव्हतं यात आहे. फोनचा वेग मोजणारी बेंचमार्क अ‍ॅप्स, म्हणजे गीकबेंच, थ्रीडीमार्क वगैरे मंडळी, यादीत नव्हती!

एका कोरियन यूट्यूबरने मग एक सुंदर प्रयोग केला. अँड्रॉइडमध्ये प्रत्येक अ‍ॅपला एक पॅकेज नेम असतं, आपल्या पॅन नंबरसारखं. त्याने थ्रीडीमार्क हे बेंचमार्क अ‍ॅप घेतलं आणि त्याला 'गेन्शिन इम्पॅक्ट' या गेमचं पॅकेज नेम लावलं. आतला कोड तोच, आकडेमोड तीच, फोन तोच. फक्त नाव बदललं. आणि गुण धाडकन खाली आले.

तापमानाचा इथे संबंध काय? काहीही नाही. फोनने नाव वाचलं आणि ठरवलं, हा गेम आहे, याला कमी द्या. तेच काम 'मी परीक्षक आहे' म्हणत आलं की पंचपक्वान्नाचं ताट. हत्तीचे दाखवायचे दात वेगळे आणि खायचे वेगळे, ही म्हण आपल्याकडे उगाच नाही.

गीकबेंच बनवणाऱ्या प्रायमेट लॅब्जने मार्च २०२२ मध्ये एस१०, एस२०, एस२१ आणि एस२२ या मालिकांचे फोन आपल्या गुणतालिकेतून काढून टाकले. १६ मार्च २०२२ ला सॅमसंगचे तेव्हाचे उपाध्यक्ष हान जोंग-ही यांनी भागधारकांच्या सभेत माफी मागितली. आणि त्याच महिन्यात अपडेट आलं. त्यात काय होतं? एक स्विच! बस. जो स्विच पहिल्या दिवसापासून द्यायला कोणाचं काही जात नव्हतं, तो द्यायला एवढा तमाशा लागला.

आम्ही सॉफ्टवेअरवाले लोक पोटापाण्यासाठी काय काय लिहितो ते मला ठाऊक आहे, त्यामुळे साधुत्वाचा आव आणत नाही. पण माझ्या टीममधल्या एखाद्या नव्या पोराने 'अ‍ॅपचं नाव अमुक असेल तर हळू चाल, तमुक असेल तर जोरात पळ' असा कोड रिव्ह्यूला टाकला, तर मी त्याला समोर बसवून एकच प्रश्न विचारेन: बाबा रे, हे ग्राहकाला सांगताना तुला लाज वाटेल का? वाटत असेल तर कोड चुकलाय. वाटत नसेल तर सेटिंगमध्ये ठळक अक्षरांत लिही.

२०१५ साली फोक्सवॅगनची चोरी पकडली गेली ती याच जातीची. चाचणी चालू आहे हे गाडीतलं सॉफ्टवेअर ओळखायचं आणि तेवढ्यापुरता धूर कमी करायचं. पीयूसीच्या दिवशी तेवढी शहाण्यासारखी वागणारी गाडी! तिथे लोकांच्या फुप्फुसांचा प्रश्न होता, इथे कोणी मरत नाही, हे मान्य. म्हणून हा गुन्हा लहान आहे असं म्हणा हवं तर. जात तीच.

आणि हा एकाच कंपनीचा रोग आहे असंही नाही. २०१३ मध्ये आनंदटेकने (ही गुणी साइट २०२४ मध्ये बंद झाली, असो) दाखवून दिलं होतं की गॅलेक्सी एस४ चा ग्राफिक्स प्रोसेसर ठरावीक बेंचमार्कसाठी ५३२ मेगाहर्ट्झवर जातो आणि गेमसाठी ४८० वर थांबतो. जुलै २०२१ मध्ये त्याच आनंदटेकला वनप्लस ९ प्रो मध्ये सापडलं की क्रोमसारख्या लोकप्रिय अ‍ॅप्सना प्रोसेसरच्या सगळ्यात वेगवान कोअरपासून लांब ठेवलं जातंय. गीकबेंचने वनप्लस ९ आणि ९ प्रो ही काढले. आणि अ‍ॅपलभक्तांनी हसू नये. डिसेंबर २०१७ मध्ये अ‍ॅपलने कबूल केलं की बॅटरी जुनी झालेले आयफोन ते हळू करत होते. कारण खरं होतं, दमलेली बॅटरी एकदम जास्त वीज देऊ शकत नाही आणि फोन अचानक बंद पडतो. पण सांगितलं होतं का? नाही. लोक बिचारे 'फोन म्हातारा झाला' म्हणून नवा घेत होते, जेव्हा नवी बॅटरी टाकून काम भागलं असतं. बोंब झाल्यावर बॅटरी बदलायचा दर ७९ डॉलरवरून २९ वर आला, मार्च २०१८ मध्ये आयओएस ११.३ बरोबर स्विच आला, आणि २०२० मध्ये फ्रान्समध्ये अडीच कोटी युरोंचा दंड बसला.

क्रम लक्षात आला का? आधी गुपचूप करायचं, पकडले गेलो की 'तुमच्या भल्यासाठीच' म्हणायचं, आणि शेवटी स्विच द्यायचा.

आता नेहमीचे दोन आक्षेप.

पहिला: "सामान्य माणसाला हे कळत नाही, कंपनीने त्याच्यासाठी ठरवलं तर बिघडलं कुठे?" या आक्षेपात दम आहे. साठ फ्रेमवरून पस्तीसवर, पुन्हा साठवर अशी उडी मारणाऱ्या गेमपेक्षा संथपणे चाळीसवर चालणारा गेम खेळायला बरा वाटतो. तापण्याआधीच वेग थोडा आवरला तर शेवटी जास्त वेळ नीट खेळता येतं. इंजिनिअरिंग म्हणून ही कल्पना चांगलीच आहे. मग एवढी चांगली कल्पना बेंचमार्कला का लावत नाही? लावा की! दाखवा जगाला, आमचा फोन वीस मिनिटं कसा स्थिर चालतो ते. ज्या गोष्टीचा अभिमान आहे ती लपवत नाहीत. आणि सामान्य माणसाचं म्हणाल तर त्याच्यासाठी बरं ते आधीपासून चालू ठेवा, पण काय चालू आहे ते त्याला समजेल अशा भाषेत लिहा.

दुसरा आक्षेप: "गेमच तर आहे, एवढं काय मनावर घेतोस?" बरं, गेम सोडा. माझी मावशी दुपारी जेवणं झाली की कँडी क्रश खेळते. तिच्या फोनमधला गेम मोड (कंपनीचं नाव सांगत नाही) कँडी क्रश सुरू झाला की आपोआप चालू व्हायचा आणि येणारे फोन गप्प करून टाकायचा. मावशी गोळ्या फोडतेय आणि इकडे काका दवाखान्यातून फोनवर फोन लावतायत. घरात आठवडाभर भांडण, 'तू मुद्दाम उचलत नाहीस'! मी सेटिंग उघडून दाखवलं तेव्हा मावशी म्हणाली, "अरे, पण याला कोणी सांगितलं होतं?" संपूर्ण लेखाचा सारांश मावशीने एका वाक्यात सांगितला. कोणी सांगितलं होतं?

हे काम सरळपणेही करता येतं. अँड्रॉइड १२ मध्ये गूगलने गेम मोडची सोय आणली. त्यात वेग हवा की बॅटरी वाचवायची हे खेळणारा निवडू शकतो, आणि फोन कंपनीने गेमचं रेझोल्यूशन परस्पर उतरवायला गेम बनवणारा नकार देऊ शकतो. म्हणजे विचारून करायची पद्धत उपलब्ध आहे. वापरायची इच्छा हवी.

तर करायचं काय? गॅलेक्सीवाल्यांनी गेम लाँचरमधून गेम बूस्टरमध्ये जायचं, तिथे 'लॅब्स' शोधायचं (आवृत्तीप्रमाणे जागा थोडी इकडेतिकडे होते) आणि 'अल्टरनेट गेम परफॉर्मन्स मॅनेजमेंट' चालू करायचं. नाव वाचलंत? 'गेमचा ब्रेक काढा' असं लिहायला यांचा काय जीव जातो? आणि ठेवलंय कुठे, तर प्रयोगशाळेत! ग्राहकाचा हक्क म्हणजे अजून प्रयोगच. बाकीच्यांनी सेटिंगमध्ये 'गेम' असं शोधा, आपोआप चालू होणारं सगळं बंद करा, आणि फोन-मेसेज अडवणारं खटकं आधी.

मग फोन तापेल त्याचं काय? तापेल. म्हणून खेळताना चार्जर काढा, जाड कव्हर काढा, आणि गेमच्या स्वतःच्या सेटिंगमध्ये जाऊन फ्रेम रेट किंवा ग्राफिक्स एक पायरी खाली आणा. तुम्ही म्हणाल, अरे, हा पण ब्रेकच झाला! अर्थात. पण यावर पाय माझा आहे. आज मित्रांबरोबर मॅच आहे तर पूर्ण वेग, तळहात भाजला तरी चालेल. उद्या लोकलमध्ये बदलापूरपर्यंत बॅटरी टिकवायचीय तर तीस फ्रेम. हा हिशेब माझ्या दिवसाचा आहे, तो दूर कुठल्या हापिसात बसून बनवलेल्या यादीला कसा कळणार?

आणि दर मोठ्या अपडेटनंतर हे सेटिंग परत एकदा तपासा. बंद केलेला खटका अपडेटनंतर आपोआप चालू झालेला मी स्वतःच्या फोनवर दोनदा पाहिलाय.

कंपन्यांकडे माझं मागणं फार मोठं नाही. वेग कमी करायचा तर तापमान बघून करा, नाव बघून नको. याद्या ठेवायच्याच असतील तर सेटिंगमध्ये दाखवा. आणि मी एकदा बंद केलेलं बंदच राहू द्या. ७२,९९९ रुपये मोजताना, किंवा त्याचे हप्ते भरताना, माझ्याकडून कोणी 'ऑप्टिमाइझ' करून कमी पैसे घेतले नव्हते. पूर्ण पैसे घेतलेत तर पूर्ण फोन द्या. आणि थोडा कमी द्यायचा असेल तर तोंडावर सांगा, मी ऐकून घेईन. :)