आजीची गाणी डब्याबाहेर ठेवा!

तुमच्या आजीची गाणी कुठं आहेत? आईच्या मोबाइलमध्ये? मग तो हरवला की संपलंच!

आसोद्याच्या बहिणाबाईंना लिहितावाचता येत नव्हतं. मुलगा सोपानदेव आणि घरच्यांनी त्यांची गाणी उतरवून ठेवली, म्हणून तर १९५२ साली पुस्तक निघालं. आपण घरातला जुना कंप्युटर काढू. त्यावर लिनक्स घालू, नि जेलीफिन हा फुकट मिळणारा प्रोग्राम चालवू. मग घरच्या वायफायवर टीव्ही, मोबाइल, सगळीकडे आजी गाणार. बाहेरचं इंटरनेट बंद पडलं तरी!

जेलीफिन डॉकरच्या 'कंटेनर'मध्ये ठेवतात. कंटेनर म्हणजे शाळेचा डबाच. प्रोग्रामला लागणारं सगळं आत. शेजारच्या डब्यातला रस्सा इकडे सांडत नाही. बिघडला तर काढून टाकायचा, नवा आणायचा.

इथंच मी फसलो. आमच्या धुळ्याच्या आजीची हळदीची सात अहिराणी गाणी मी डब्याच्या आतच ठेवली होती. नवी आवृत्ती आली, जुना कंटेनर पुसला, गाणीही पुसली गेली. आजी आता नाही.

म्हणून गाणी बाहेरच्या साध्या फोल्डरमध्ये ठेवायची. कंटेनर सुरू करताना 'व्हॉल्यूम'च्या ओळीत त्या फोल्डरचा पत्ता तेवढा द्यायचा. डबा गेला तरी फोल्डर जागच्या जागी. आणि आई-बाबा, हार्ड डिस्कही कधीतरी बंद पडतेच, तेव्हा दुसरी प्रत पेनड्राइव्हवर घेऊन जळगावच्या मामाकडे ठेवा. फाइलच्या नावात गाणं कुणी, कुठं, कोणत्या साली म्हटलं तेही लिहा.