अविश्वास ठराव : पहिले सात दिवस

भिंगारला सरपंच नाही. इथला कारभार छावणी परिषद पाहते. पण भोवतालच्या खेड्यांतून शिकायला येणाऱ्या मुलांच्या घरी ग्रामपंचायत थेट दस्तरखानापर्यंत आलेली असते. कुणाची अम्मी सदस्य, कुणाची चाची सरपंच. २०११ पासून महाराष्ट्रात पंचायतींच्या निम्म्या जागा महिलांना राखीव आहेत, तेव्हा यात आता नवल नाही. मात्र त्यासोबत एक नवी काळजीही घरात आली आहे : अविश्वास ठराव.

नोटीस आली की घरचे लोक कागद वाचून घ्यायला येतात. बहुतेकांचं पहिलं वाक्य ठरलेलं : "आमच्या भाभीनं एक रुपया खाल्ला नाही. कोर्टात इन्साफ मिळेलच." भाभी प्रामाणिक असेल, आमची दुआ तिच्यासोबत आहे. पण इथे प्रामाणिकपणा हा प्रश्नच नसतो, हे आधी समजून घ्यायला हवं.

१९७४ साली गुजरातमधल्या एका नगरपालिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा फरक स्पष्ट केला. निंदेच्या ठरावाला विशिष्ट आरोप लागतो. अविश्वासाला आरोप सिद्ध करावा लागत नाही. सदस्यांचा विश्वास उडाला, एवढं पुरतं.

अपात्रतेचं प्रकरण वेगळं. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या सरपंच मनीषा पानपाटील सासूसोबत सरकारी जमिनीवरच्या घरात राहतात, अशी तक्रार झाली. आपण नवरा-मुलांसह भाड्याच्या घरात वेगळे राहतो, असं त्यांचं म्हणणं होतं. जिल्हाधिकाऱ्यांनी त्यांना अपात्र ठरवलं, विभागीय आयुक्तांनी ते कायम केलं, उच्च न्यायालयातही दाद मिळाली नाही. अखेर २७ सप्टेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला. गावाला बाईचं सरपंचपद पचत नव्हतं, हेही न्यायालयाने बोलून दाखवलं. तिथे आरोप होता, म्हणून पुराव्याची मागणी करता आली. अविश्वासात ती सोय नाही. तिथे झगडा होतो तो पद्धतीवर.

ही पद्धत महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ च्या कलम ३५ मध्ये आहे. सदस्यांची नोटीस तहसीलदारांकडे जाते. ती मिळाल्यापासून सात दिवसांत ते विशेष सभा बोलावतात आणि अध्यक्षस्थानी स्वतः बसतात. त्यांना मत नसतं. सरपंचाला मात्र सभेत बोलण्याचा आणि मत देण्याचाही हक्क आहे.

मग मोजणी. महिलेसाठी राखीव पदावरच्या सरपंचाविरुद्ध तीन चतुर्थांश मतं लागतात, आणि तीही हजर सदस्यांची नव्हे, तर मताचा हक्क असलेल्या एकूण सदस्यांची. असे सदस्य ९ असतील तर हिशेब पावणेसात येतो, म्हणजे ७ मतं हवीत. ६ पडली तर ठराव पडला. ११ असतील तर ९ हवीत. सरपंच थेट जनतेतून निवडून आलेली असेल, तर सदस्यांनी मंजूर केलेला ठराव ग्रामसभेतही गुप्त मतदानाने मंजूर व्हावा लागतो.

यात कुठे चूक झाली असं वाटलं, तर ठराव मंजूर झाल्यापासून सात दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे वाद दाखल करायचा असतो. त्यावर अपील विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे आपल्या जिल्ह्यासाठी नाशिकला. त्यानंतर उच्च न्यायालयाचं औरंगाबाद खंडपीठ.

हे सात दिवस घरोघरी कसे जातात? दोन दिवस रडण्यात, दोन दिवस कोण फुटला त्याचा हिशेब करण्यात, उरलेले पुढाऱ्यांच्या दारात. वकिलाकडे जाईपर्यंत मुदत टळलेली असते.

म्हणून बहिणींनो, नोटीस हातात पडली त्या दिवसाची तारीख तिच्यावरच लिहून ठेवा. सभेत किती सदस्य होते, किती हात वर झाले, हे स्वतः मोजा. सभेच्या इतिवृत्ताची प्रत लगेच लेखी अर्ज करून मागा आणि अर्जाची पोच घ्या. न वाचता कशावरही सही करू नका, मग कागद पुढे करणारा घरचा का असेना.

आणि भाईजान, दोन शब्द तुमच्यासाठी. तहसीलदारांसमोरच्या त्या सभेत तुम्हाला बोलता येणार नाही. तिथे तिलाच उभं राहायचं आहे. चार वर्षं पंचायतीत तिच्या खुर्चीवर तुम्ही बसलात, सही तेवढी तिची घेतलीत, तर त्या दिवशी तिनं काय बोलावं? तिला आजपासून सभेला जाऊ द्या, प्रोसिडिंग वाचू द्या, एखाद्या मुद्द्यावर चार लोकांत वाद घालू द्या. वेळ आलीच, तर तिचा बोलण्याचा हक्क कागदावरच राहू नये.