कढईतले तेल कितव्या दिवसाचे?

भिवंडीच्या ज्या गल्ल्यांतून यंत्रमागांचा खडखडाट अहोरात्र चालू असतो, त्याच गल्ल्यांतून, उत्तर प्रदेश, बिहार आणि तेलंगण येथून पोटासाठी आलेल्या कारागिरांना दोन्ही वेळचे जेवण पुरविणाऱ्या खाणावळी, ज्यांना तेथे भिशी म्हणतात, पुष्कळ वर्षांपासून चालत आल्या आहेत. कॅनोला तेल हृदयाला अमृत की विष, हा जो वाद सुशिक्षितांच्या दिवाणखान्यांत सध्या रंगतो, त्याचा निवाडा या भिशीच्या चुलीपाशी उभे राहून करावा, असे मला मनापासून वाटते.

कॅनोला हे आपल्या मोहरीच्याच कुळातले बीज. दुसऱ्या महायुद्धात बोटींच्या वाफेच्या इंजिनांना वंगण हवे म्हणून कॅनडाने रेपसीडची लागवड वाढविली, कारण पाण्यावाफेत भिजलेल्या धातूलाही ते तेल धरून राही. युद्ध संपून ही मागणी ओसरली तेव्हा त्याला स्वयंपाकघरात आणण्याचा उद्योग जोमाने सुरू झाला. परंतु त्यात इरुसिक आम्ल विपुल असे, आणि त्याच्या आहाराने उंदरांच्या हृदयात मेद साचतो असे प्रयोगांत आढळले. पेंडीतल्या उग्र द्रव्यांमुळे गुरेही तिला तोंड लावीनात. बाल्डर स्टेफनसन आणि कीथ डाउनी या कॅनडातील पीक-संशोधकांनी वर्षानुवर्षे निवड आणि संकर करून हे दोष घालविले. १९७४ मध्ये दोन्ही दोषांपासून मुक्त असे पहिले वाण आले, १९७८ मध्ये कॅनोला हे नाव मिळाले. आज त्यात इरुसिक आम्ल २ टक्क्यांहून कमी असते, संपृक्त मेद ७ टक्क्यांच्या आसपास, आणि ओमेगा-३ वर्गातले आम्ल सुमारे ९ टक्के. ते द्रावकाने काढतात म्हणून विष, हा प्रवाद निराधार आहे. सोयाबीनचे तेलही बहुतांशी त्याच रीतीने निघते, आणि शुद्धीकरणात द्रावक उडून जातो.

तेल चांगले आहे, हे मी निःशंकपणे म्हणतो. पण चांगुलपणा कढईत किती दिवस टिकतो?

एका भिशीत मी पाहिले, रात्रीची भजी काढून झाल्यावर भिशी चालविणाऱ्या बाईंनी उरलेले तेल फडक्याने गाळून पत्र्याच्या डब्यात ओतले. फडक्यावर करपलेल्या पिठाचा काळा गाळ राहिला, आणि डब्यातले तेल काकवीसारखे दाट नि तपकिरी होते. सकाळी त्यातच नवे तेल मिसळायचे. मी विचारले तेव्हा त्या म्हणाल्या, “दादा, हे फेकलं तर नव्या डब्याचे पैसे कुठून आणू?” या प्रश्नाला उत्तर देण्याची जबाबदारी त्यांची नव्हे, आपली आहे. पुनःपुन्हा तापलेले तेल विघटित होते, आणि ज्या ओमेगा-३ आम्लासाठी कॅनोलाची महती गातात ते तर सर्वांत आधी बिघडते. तेव्हा उद्या या कढईत महागडे कॅनोला ओतले तरी चौथ्या दिवशी कारागिराच्या ताटात काय पडेल हे उघड आहे.

कायदा नाही असे नाही. तळणाच्या तेलातील ध्रुवीय संयुगे, म्हणजे या विघटनातून तयार होणारी द्रव्ये, २५ टक्क्यांवर गेली की ते वापरू नये, हा दंडक १ जुलै २०१८ पासून अंमलात आहे; वापरलेले तेल जमा करून त्याचे जैवइंधन करण्याची योजनाही त्याच वर्षीची. मात्र नोंद ठेवून ते तेल अधिकृत संकलकाच्या हवाली करण्याची सक्ती दिवसाला ५० लिटरहून अधिक तेल लागणाऱ्यांनाच आहे, आणि भिशीची कढई त्या हिशेबात कधीच बसत नाही. म्हणून माझी अन्न व औषध प्रशासनाला आणि भिवंडी महानगरपालिकेला कळकळीची विनंती अशी, की दंडाची पावती घेऊन त्या गल्लीत शिरण्याआधी तराजू घेऊन शिरावे, आठवड्यातून दोनदा दाराशी जाऊन काळे तेल मोजून घ्यावे आणि त्याचे रोख पैसे त्या बाईंच्या हातावर ठेवावेत, म्हणजे नवा डबा आणताना त्यांच्या पदरी निदान थोडी रक्कम तरी असेल.