कल्याण मुनी : अभिमान आणि पडताळणी

जगज्जेत्या सिकंदरासमोर एक दिगंबर मुनी निर्भयपणे उभे राहिले आणि राजाचा गर्व गळून पडला, ही कथा जैन समाजात मोठ्या श्रद्धेने सांगितली जाते. या मुनींचे नाव कल्याण मुनी असे सांगतात. शहापूरच्या मानस मंदिरात दर्शनाला जाणारी कुटुंबे असोत, वा शेणवा, किन्हवली, मुरबाड येथील दुकानदारांची घरे असोत, मोबाईलवर फिरणारा हा मजकूर सर्वत्र पोहोचला आहे. पाठशाळेतील मुलेही आता विचारू लागली आहेत, की हे खरोखर घडले का? प्रश्न मुलांचा असला, तरी उत्तर देणाऱ्या वडीलधाऱ्यांची त्यात कसोटी आहे.

मूळ घटना इसवी सनापूर्वी ३२६ ची, तक्षशिलेची. सिकंदराने आपला अधिकारी ओनेसिक्रिटस याला तेथील तपस्व्यांकडे पाठविले. नगराबाहेर त्याला पंधरा नग्न पुरुष दिसले. कोणी उभे, कोणी बसलेले, कोणी पडलेले; आणि प्रखर उन्हातही संध्याकाळपर्यंत निश्चल. त्यांतील एकाने त्याला बजावले, की ऐकायचे असेल तर आधी वस्त्रे उतरव आणि या तापलेल्या दगडांवर येऊन पड. हाच तो कॅलनोस. प्लुटार्क सांगतो, की त्याचे खरे नाव स्फिनेस होते; तो लोकांना अभिवादन करताना जो शब्द उच्चारी, त्यावरून ग्रीकांनी त्याला कॅलनोस म्हटले. तो शब्द ‘कल्याण’ असावा, हे पुढील अभ्यासकांचे अनुमान. कल्याण मुनी या नावाचा सारा आधार एवढाच आहे.

आता साक्षीदारांकडे पाहू. सिकंदराबरोबर आलेल्यांनी लिहिलेले ग्रंथ मूळ स्वरूपात उरलेले नाहीत. त्यांतील मजकूर स्ट्रॅबो, प्लुटार्क, एरियन या लेखकांनी तीनशे ते साडेचारशे वर्षांनंतर उद्धृत केला, तेवढाच आज उपलब्ध आहे. संभाषणही तीन दुभाष्यांमार्फत झाले होते. चिखलातून निर्मळ पाणी वाहण्याची अपेक्षा धरावी, तसे हे आहे, अशी तक्रार त्या तपस्व्यांपैकी एकानेच केल्याची नोंद आहे. सिकंदराचाच दुसरा सोबती अ‍ॅरिस्टोब्युलस वेगळे सांगतो. त्याने दोन तपस्वी पाहिले. थोरल्याचे मुंडन केलेले, धाकट्याचे केस वाढलेले. ते उभ्याने जेवले. परंतु राजाच्या पंक्तीला येऊन जेवले. आणि तो दोघांनाही ब्राह्मण म्हणतो. भारतीय वाङ्मयात मात्र त्या काळातील कोणीही सिकंदराच्या स्वारीचा उल्लेख केलेला नाही.

नग्नता, मुंडन, उभ्याने आहार, उन्हातील निश्चलता ही लक्षणे जैन वाचकाला ओळखीची वाटतात, यात नवल नाही. पण त्या काळी आजीवक आणि इतर तापसही नग्न राहत, देहदंड सोसत. एका लक्षणावरून पंथ ठरत नाही. कॅलनोसच्या पुढील आयुष्याचा विचार केला, तर शंका अधिकच वाढते. तो सिकंदराच्या सैन्याबरोबर परदेशी निघून गेला. पर्शियात आजारी पडल्यावर, वयाच्या त्र्याहत्तराव्या वर्षी, साऱ्या सैन्यासमक्ष त्याने चितेवर चढून अग्नीत देह टाकला.

काही लेखांत या मृत्यूला सल्लेखना म्हटले जाते. येथे मात्र शास्त्राचाच आधार घेतला पाहिजे. सल्लेखना म्हणजे कषाय आणि काया हळूहळू कृश करीत, समभावाने, जीवहिंसा टाळून स्वीकारलेले मरण. अग्नी पेटविण्यातच असंख्य जीवांची विराधना आहे. आचार्य समंतभद्रांच्या ‘रत्नकरंडक श्रावकाचार’ या ग्रंथात अग्नीत उडी घेण्याची गणना लोकमूढतेत केली आहे. ज्या कृत्याला आचार्यांनी मूढता म्हटले, तेच परकीयांना अद्भुत वाटले म्हणून मुनिधर्माचा आदर्श ठरवावे काय? एरियनने नोंदविले आहे, की स्वतःच्या सहतपस्व्यांनीही कॅलनोसला दोष दिला. आपल्यातील सुख सोडून तो दुसऱ्या स्वामीच्या सेवेला गेला, असे ते म्हणत.

याउलट, न गेलेल्यांचे बोल अधिक मोलाचे आहेत. राजा आणि त्याचे सैन्य पाहताच काही तपस्व्यांनी नुसते जमिनीवर पाय आपटले. अर्थ विचारता उत्तर मिळाले, की प्रत्येक माणसाच्या वाट्याला तो उभा आहे तेवढीच जमीन येते. तूही लवकरच मरशील, आणि पुरण्यापुरतीच जमीन तुझी होईल. इसवी सनापूर्वी ३२३ मध्ये, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, सिकंदर बाबिलोनमध्ये मरण पावला. हे बोलणारे जैन होते असे सिद्ध करता येत नाही. तरीही अपरिग्रहाचे मर्म त्यात आहे, आणि ते घेण्यास कोणाची परवानगी लागत नाही.

सिकंदर बियास नदीवरून माघारी फिरला. कोकणात तो कधीच आला नाही. यवन मात्र नंतर आले, आणि त्यांचा पुरावा शेणव्याच्या परिसरापासून फार दूर नाही. मुरबाड तालुक्यातील वैशाखऱ्यावरून नाणेघाट चढला, की वाट जुन्नरला जाते. तेथील लेण्यांत इरिल नावाच्या यवनाने पाण्याच्या दोन पोढी दान दिल्याचा लेख आहे. चिट नावाच्या यवनाने संघासाठी भोजनमंडप दिल्याचा दुसरा. कसाऱ्याचा थळ घाट ओलांडून नाशिकला गेले, तर पांडवलेण्यांत इंद्राग्निदत्त या यवनाने कोरविलेले लेणे दिसते. ही दाने बौद्ध संघाला होती; जैनांनी त्यांवर हक्क सांगण्याचे कारण नाही. पण दात्यांनी स्वतः कोरविलेले हे लेख दगडावर आहेत. कोणा दुभाष्याच्या स्मरणावर ते अवलंबून नाहीत.

व्यापारी घरात वाढलेल्या मुलाला रोकड आणि उधारी यांतील फरक शिकवावा लागत नाही. इतिहासातही तोच फरक पाळावा. तक्षशिलेला नग्न तपस्वी होते, ही जमा. ते जैन असू शकतील, ही शक्यता; ती शक्यता म्हणूनच सांगावी. कॅलनोस जैन मुनी होता, हे मात्र जमेला धरता येत नाही. स्याद्वादाने प्रत्येक विधानाला त्याची मर्यादा लावायला शिकविले आहे. पाठशाळेतील मुलांना उत्तर देताना ती मर्यादा सोडली नाही, तर धर्माचा गौरव उणा होणार नाही. सत्याणुव्रताचा पाठ मात्र त्यांना प्रत्यक्ष उदाहरणातून मिळेल.