'गोडी नाही' म्हणणाऱ्यांनो, आधी वर्गातली भीती काढा!

"वस्तीतल्या पोरांना शिक्षणाची गोडीच नसते." तुर्भे, रबाळे, दिघा इथल्या वस्त्यांत काम करताना हे वाक्य शिक्षकांकडून ऐकू येते आणि आता आपल्यातल्या शिकल्यासवरल्यांकडूनही. शूद्रातिशूद्रांना बुद्धीच नसते असे पूर्वी उघड म्हणत. आज तेच 'मोटिव्हेशन नाही' अशा सभ्य शब्दांत म्हणतात.

मित्रांनो, पुण्यात फुले दांपत्याच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ता साळवे या मातंग समाजातल्या मुलीने मांग-महारांच्या दुःखावर लिहिलेला निबंध १८५५ साली 'ज्ञानोदय'मध्ये छापून आला. ज्यांना अक्षरबंदी होती त्यांच्या लेकीने थेट वेदांच्या मक्तेदारीला प्रश्न केला. तिला गोडी कशाने लागली? आपल्या जगण्याबद्दल प्रश्न विचारायची मुभा शाळेने दिली म्हणून!

आजच्या वर्गात काय चालते? फळ्यावरचे उतरवा, गप्प बसा. प्रश्न विचारला तर पोर 'आगाऊ' ठरते. वास्तविक शिक्षण हक्क कायदा, २००९ चे कलम २९ सांगते की मुलाने कृतीतून, शोधातून आणि भयमुक्त वातावरणात शिकले पाहिजे. तरीही २०२३ मध्ये महाराष्ट्र सरकारने पाचवी-आठवीला नापास करण्याची तरतूद परत आणली. का, तर भीती नसली की मुले अभ्यास करत नाहीत! नापास झालेल्या श्रीमंताच्या मुलाला शिकवणी लागते. आपले पोर मात्र आईबापांसोबत नाक्यावर उभे राहते.

काही जण म्हणतील, बाबासाहेब नाही का हालअपेष्टांतून शिकले? शिकले. साताऱ्याच्या शाळेत गोणपाटावर वेगळे बसून शिकले. पण तो अन्याय होता, त्याला प्रेरणेची पद्धत म्हणू नका. पुढच्या पिढ्यांवर ती वेळ येऊ नये म्हणूनच त्यांनी शिक्षणसंस्था उभारल्या. औरंगाबादला १९५० साली सुरू केलेल्या महाविद्यालयाला पुढे मिलिंदाचे नाव मिळाले. भन्ते नागसेनांना प्रश्नांवर प्रश्न विचारणारा राजा तो हाच. आपल्या परंपरेत विद्यार्थी असा असतो!

आता थोडे आपल्याबद्दल. दरवर्षी आपण टक्केवारी पाहून गुणवंतांचे सत्कार करतो. करावेत. पण पन्नास टक्के मिळवलेल्या आणि रात्रभर वाचत बसणाऱ्या मुलीला आपण कधी विचारले का, तू काय वाचतेस? शिक्षण म्हणजे फक्त गुणपत्रिका, हे आपणच शिकवत असू तर शाळेला कोणत्या तोंडाने बोलणार?

म्हणून दोन कामे करा. शाळा व्यवस्थापन समितीत कायद्याने पंचाहत्तर टक्के पालक असतात. तिथे आपल्या आयाबाया पाठवा आणि शिक्षकांना विचारायला लावा, "आमच्या मुलाने प्रश्न विचारला तर वर्गात काय होते?" दुसरे, ऐरोलीच्या बाबासाहेबांच्या स्मारकात ग्रंथालय आहे. तिथे मुलांना परीक्षेची पुस्तके घरी ठेवून न्या आणि हवे ते पुस्तक काढू द्या.

गोडी आहे की नाही, ते त्यानंतर बोलू.

जयभीम!