साठ मावळे आणि नाल ठोकणारा

बदलापूर हे नाव कसं पडलं, असं गावात कोणालाही विचारा. शिवरायांचे स्वार इथे घोडे बदलत, हेच उत्तर मिळतं. एक स्टेशन अलीकडे, अंबरनाथच्या शिवमंदिरात शिलाहारांचा शके 982चा शिलालेख आहे. एकीकडे ऐकीव आठवण, दुसरीकडे दगडावरचा पुरावा. दिग्पाल लांजेकरांचे चित्रपट या दोहोंच्या मधे कुठेतरी उभे आहेत.

लेखक-दिग्दर्शक म्हणून त्यांनी शिवकाळावर आठ चित्रपटांचा संकल्प सोडला. 2018चा ‘फर्जंद’ त्यातला पहिला. पन्हाळा म्हटलं की आपल्याला सिद्दी जौहरचा वेढा आठवतो. मात्र 1673मध्ये साठ मावळ्यांनिशी तोच गड घेणारा कोंडाजी फर्जंद किती जणांना ठाऊक होता? ‘फर्जंद’ पाहताना माझ्या शेजारच्या मुलाने बाबांना विचारलं, “हे खरंच साठच होते?” घरी जाऊन पुस्तक उघडायला लावणारा हा प्रश्न आहे. हे श्रेय लांजेकरांना मनापासून द्यायला हवं.

आक्षेप घेणाऱ्यांचं म्हणणंही हलकं नाही. 2022मध्ये ‘पावनखिंड’ आणि ‘शेर शिवराज’ अवघ्या दोन महिन्यांच्या अंतराने आले; इतक्या वेगात पुराव्यांची पारख कशी होणार, असं ते विचारतात. बखर, पोवाडा आणि अस्सल पत्र यांचं वजन वेगवेगळं असतं. पडद्यावर मात्र तिन्ही सारख्याच ठामपणे बोलतात. यावर समर्थक म्हणतील, पोवाड्याकडे आपण दाखला कधी मागितला? तेही खरं. पण शाहिराची डफावरची थाप ऐकताच हे कवन आहे हे कळतं. अंधाऱ्या थिएटरात ती खूण उरत नाही.

माझा कल थोडा आक्षेपाकडे झुकतो, पण कारण वेगळं आहे. भालजी पेंढारकरांनी ‘नेताजी पालकर’ (1939) केला, ‘छत्रपती शिवाजी’ (1952) केला आणि 1965मध्ये ‘साधी माणसं’मधून एका लोहाराच्या जोडप्याचा संसारही मांडला. इतिहासपटांनी कमावलेली नजर त्यांनी भात्यासमोर बसलेल्या माणसाकडे वळवली. लांजेकरांची लढायांवरची पकड पक्की आहे. 2023च्या ‘सुभेदार’मध्येही ती दिसते. मला ओढ आहे ती लढाईच्या आदल्या दिवसाची. बदलापुरात खरंच घोडे बदलले असतील, तर दमलेलं जनावर उतरवून घेणारा, रात्री नाल ठोकणारा, वैरण पुरवणारा कोणीतरी इथलाच असणार. त्याच्यावर एक चित्रपट लांजेकरांनी लिहावा.