चित्रीकरणातील स्टंट कलाकारांच्या सुरक्षेबाबत निवेदन

प्रति,
मा. जिल्हाधिकारी, सिंधुदुर्ग,
सिंधुदुर्गनगरी (ओरोस).

विषय : स्टंट करणाऱ्या स्थानिक तरुणांचा विमा व सुरक्षा यांची अट चित्रीकरणाच्या परवानगीपत्रात घालण्याबाबत.

महोदय,

'रात्रीस खेळ चाले' या मालिकेचे चित्रीकरण २०१६ साली आकेरीत झाले आणि आपला जिल्हा घरोघरी पोहोचला. इथे चित्रीकरणाची युनिटे यावीत, हीच आमची इच्छा आहे. दशावतारातले युद्धप्रसंग रात्र रात्र खेळून अंगात चपळाई मुरलेली मुले इन्सुली परिसरात आहेत. फायटर किंवा बॉडी डबल म्हणून पोट भरण्याची त्यांची उमेद आहे आणि आम्हाला तिचा अभिमान वाटतो.

मात्र या कामात जीव जातो. १३ जुलै २०२५ रोजी तमिळनाडूत गाडी उलटवण्याच्या दृश्यात एस. एम. राजू हे मुरलेले स्टंट कलाकार दगावले. नोव्हेंबर २०१६ मध्ये बंगळूरजवळच्या जलाशयात हेलिकॉप्टरमधून उड्या मारलेले अनिल आणि उदय हे दोन कलाकार बुडाले. आमच्याकडे तेरेखोल नदी आहे, घाट आहेत, महामार्ग आहे. असली दृश्ये इथेही घेतली जाऊ शकतात. डोक्याला किंवा मणक्याला जबर मार बसला, तर जखमीला सावंतवाडीहून पत्रादेवीची हद्द ओलांडून थेट गोव्यातल्या बांबोळीच्या रुग्णालयात न्यावे लागते. त्या वाटेवर जाणारा वेळ कोणताही फाइट मास्टर परत आणू शकत नाही.

मुंबईत स्टंट कलाकारांची संघटना आहे. अभिनेते अक्षयकुमार यांच्या पुढाकाराने २०१७ पासून त्यांच्यासाठी विमा योजनाही चालते. गावातून एका दिवसाच्या रोजावर उचललेला मुलगा त्या संघटनेचा सभासद नसतो. उडी तीच, उंचीही तीच. पण तो पडला तर खर्च त्याच्या आईबापांवर येतो. आमचे मुख्य गाऱ्हाणे हेच आहे.

२१ नोव्हेंबर २०२५ रोजी कामगार संहिता लागू करताना केंद्र सरकारने स्टंट कलाकारांचा स्पष्ट उल्लेख केला आणि सर्व कामगारांना नियुक्तिपत्र बंधनकारक असल्याचे जाहीर केले. त्याची अंमलबजावणी परवानगीच्या टेबलापासूनच व्हावी. उंचावरून पडणे, आग, पाणी किंवा वाहन असलेल्या दृश्याला परवानगी देण्यापूर्वी स्थानिक रोजंदारांसह प्रत्येकाच्या नावाचे विमापत्र आणि नियुक्तिपत्र तपासावे. शॉट संपेपर्यंत सुसज्ज रुग्णवाहिका जागेवर उभी असावी. पाण्यातल्या दृश्याला लाइफ जॅकेट, चालू इंजिनाची बोट आणि पट्टीचे पोहणारे असावेत. हार्नेस, केबल आणि गाद्यांची तपासणी फाइट मास्टरने सहीनिशी लिहून द्यावी. तालीम न झालेला शॉट नाकारल्यास मुलाचा रोज कापला जाऊ नये, हेही परवानगीपत्रात लिहावे.

'शोले'मध्ये हेमा मालिनींच्या जागी टांगा हाकणाऱ्या रेश्मा पठाण यांचे नाव लोकांपर्यंत पोहोचायला कित्येक दशके लागली. आमच्या मुलांची नावे श्रेयनामावलीत असावीत, असे आपण निर्मात्यांना सुचवावे.

या विषयावर सहायक कामगार आयुक्त आणि आरोग्य विभाग यांच्यासह बैठक लावून आम्हाला वेळ द्यावी, ही विनंती.

आपले विश्वासू,
इन्सुली व परिसरातील ग्रामस्थ